जिन्यावरचा माणूस

किल्ल्याच्या जिन्यावर मनगटी घड्याळ घातलेला एक माणूस दिसतो आहे, तो कोण ते तुला माहीत असेल, असं दिग्दर्शक फोनवर म्हणाला. मी नुकताच आंघोळ करून केस पुसत होतो. टॉवेलचं टोक कानात होतं म्हणून नीट ऐकू आलं नाही, असं सांगून मी त्याला पुन्हा बोलायला लावलं. त्यानं तेच सावकाश सांगितलं. चौथा डबा, शेवटचा तुकडा, चौकटीचा उजवा कोपरा. पांढरा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, घड्याळ, चेहरा निम्माच. बावीस वर्षांचं जुनं रीळ थोडं आक्रसलं आहे, पण घड्याळ स्वच्छ दिसतं. "कुणी का असेना, त्याला पुसायचाय. पण तू एकदा ये, कात्री. डब्यावर अक्षर तुझं आहे." कात्री हे माझं युनिटमधलं नाव. संकलकाला दुसरं काय म्हणणार? त्याच्या आवाजात राग नव्हता. उलट लहान मुलाला हरवलेलं खेळणं कपाटामागं सापडावं तसा तो बोलत होता. कापलेल्या तुकड्यांचे चारही डबे सापडले, त्याला सिनेमा पुन्हा त्याच्या मनासारखा जोडायला मिळाला, तीन तास एकवीस मिनिटं, एक मिनिटही कमी नाही. फोन ठेवल्यावर मी घड्याळाकडे पाहिलं. ते तेच होतं. पट्टा तीनदा बदललाय, घड्याळ तेच आहे.

पलीकडच्या खोलीतून दादानं विचारलं, कुणाचा फोन. मी सांगितलं. डबे सापडल्याचंही सांगितलं, कारण ते त्याला आज ना उद्या कळणारच होतं. खुर्ची मागं सरकल्याचा आवाज आला. दादाला गेली अकरा वर्षं दिसत नाही. काचबिंदूनं आधी कडा खाल्ल्या, मग मधलं राहिलेलं. तेव्हापासून तो आमच्याकडे असतो आणि घर कानांनी ओळखतो. बायको कुठलं पातेलं घासते आहे ते त्याला कळतं. माझं तर विचारूच नका. नवव्या वर्षी कुंपणाच्या भिंतीवरून पडल्यापासून माझा उजवा पाय थोडा ओढला जातो, एक पाऊल पडतं आणि दुसरं मागून घासत येतं. मी दाराशी आलो की दादा आतूनच म्हणतो, आज लिफ्ट बंद आहे वाटतं, किंवा, आज कुणाशी तरी भांडून आलास. बहुतेक वेळा बरोबर असतं. एकदा तो म्हणाला होता, बारक्या, तू चोर झाला असतास तर पहिल्याच दिवशी सापडला असतास. बायको खूप हसली होती. मीही हसलो होतो.

"तू तर म्हणाला होतास, जाळले," दादा म्हणाला. तो दारात येऊन उभा होता, हात चौकटीवर. मी म्हणालो, मलाही तसंच वाटत होतं. त्यानं मान हलवली. मग विचारलं, किल्लेदाराचं सगळं आहे का त्यात? विहिरीपाशचं? तीनदा नकार देतो ते? मी म्हणालो, सगळं आहे म्हणतोय. दादा चौकट सोडून आत गेला. पण दुपारी बायकोनं मला स्वयंपाकघरात बोलावून हळूच सांगितलं, दादांनी मला त्यांचे इस्त्रीचे कपडे कुठे आहेत ते विचारलं, अजून तारीखसुद्धा ठरलेली नाही.

किल्लेदार हे दादाचं सिनेमातलं एकमेव मोठं काम. त्याआधी वीस वर्षं तो नाटकात होता आणि पोटासाठी शाळेत मुलांना उच्चार शिकवायचा. दिग्दर्शकाला तो मीच सुचवला. वेढा पडलेल्या किल्ल्याची गोष्ट होती. राजा बाहेर, फौज बाहेर, आत सातशे माणसं आणि एक विहीर. किल्लेदार तीनदा तह नाकारतो. मग विहीर आटते. चौथ्या वेळी तो दार उघडतो, आणि शत्रू दिलेला शब्द मोडतो. एवढीच गोष्ट, पण ती तीन तास एकवीस मिनिटं चालत होती आणि निर्मात्याला अडीच तासांवर एक मिनिटही नको होतं. दिग्दर्शकानं दोन आठवडे भांडण केलं आणि मग रुसून घरी जाऊन बसला. निर्माता माझ्या खोलीत आला, उभ्याउभ्याच म्हणाला, काय काढायचं ते तू ठरव, तुझ्याइतका हा सिनेमा कुणी पाहिलेला नाही. ते खरं होतं. त्या खोलीला खिडकी नव्हती. भिंतीला खिळे होते आणि खिळ्यांवर सिनेमाच्या पट्ट्या टांगलेल्या, खाली कापडी पिशवी, तिच्यात पट्ट्यांची टोकं. मी चार महिने त्या खोलीत बसलो होतो. बाहेर पडलो की रस्त्यावरची माणसंही मला जरा लांबलेली वाटत. हा वळतो आहे तिथे कापता येईल, ही हसायच्या आधी कापता येईल.

एक्कावन्न मिनिटं काढायची होती, त्यातली बत्तीस इकडूनतिकडून निघाली, एकोणीस उरली. फौजेची कूच होती अठरा मिनिटं, राजाचा दरबार बारा मिनिटं, दोन गाणी. तिथून काढता आलं असतं. हे मी स्वतःला आज सांगत नाही, तेव्हाही मला ते स्वच्छ दिसत होतं. मी कागदावर दोन रकान्यांत लिहिलंसुद्धा होतं. पण कूच मोडली की सिनेमाचा श्वास मोडत होता. किल्लेदाराची एकोणीस मिनिटं काढली की मात्र सगळं धावत सुटत होतं. विहीर गेली, नकार गेले, पाण्यासाठी रांगेत उभ्या बायका गेल्या. फक्त एकच अडचण राहिली. आता किल्लेदार दार का उघडतो ते कळेना. कारण हवं होतं, आणि ते चार सेकंदांत हवं होतं. चार सेकंदांत बसेल असं एकच कारण असतं.

पिशवीत हात घालून मी ती पट्टी काढली, तेव्हा तिच्यात काय आहे ते मला माहीत होतं. हे बायकोला मी कधी सांगितलेलं नाही. चित्रीकरणाच्या सतराव्या दिवशी, सकाळी अकराच्या सुमाराला, दिग्दर्शकानं शॉट थांबवला. रीळ संपतच आलं होतं म्हणून कॅमेरामननं कॅमेरा बंद न करता ते संपू दिलं. आवाजाचं यंत्रही चालूच राहिलं. दादा जिन्याच्या वरच्या टोकाला किल्लेदाराच्या पोशाखात उभा होता, पुढच्या शॉटची वाट पाहत, चेहऱ्यावर काहीच नव्हतं. आणि मी सेटच्या लाकडी जिन्यावरून वर चढत होतो. इस्पितळातून थेट आलो होतो. वडील पहाटे गेले होते. दादाला सांगायला कुणीतरी जायला हवं होतं आणि मीच गेलो. मी तोंड उघडलं नाही. चौथ्या पायरीवर असताना त्यानं माझ्याकडे पाहिलं, आणि त्याला कळलं. मला वाटतं त्याला आधी पावलांवरूनच कळलं असावं. डोळे बाजूला वळले, पापण्या अर्ध्या खाली आल्या, ओठांचा एक कोपरा सैल पडला. माणूस आपल्या आत काहीतरी घाईघाईनं झाकू बघतो तसा तो चेहरा होता. त्यातली चौऱ्याऐंशी चित्रं मी घेतली. साडेतीन सेकंद. आधी शत्रूच्या छावणीतल्या मशाली, मग दादाचे डोळे, मग दाराचा अडसर सरकतो. तीन शॉट. टेबलावर ते तीन शॉट पहिल्यांदा चालवले तेव्हा माझ्या हातावर काटा आला. फितूर. दुसरा शब्दच नव्हता. जोड इतकी चांगली होती की मी ती पुन्हा पुन्हा, अकरा वेळा, चालवून पाहिली.

त्या वर्षी संकलनाचं पारितोषिक मला मिळालं. परीक्षकांनी त्या एका नजरेचा उल्लेख केला होता. ते पारितोषिक कपाटावर आहे, बायको त्याला फडक्यानं पुसते. दादाला चार कामं आली, चारही फितुरांची, त्यानं घेतली नाहीत. शाळेत मधल्या सुट्टीत मुलं लांबून ओरडायची, दार उघडा, दार उघडा. बँकेतला कारकून किल्ल्यांचा जुडगा हातात धरून म्हणायचा, तुमच्यासमोर ठेवायची भीती वाटते हो. दादा हसायचा. हसण्यात तो इतका चांगला होता की कारकुनाला वाटायचं आपण फार मजेशीर आहोत. तीन वर्षांनी त्यानं शाळा सोडली, नाटक त्याआधीच सुटलं होतं. प्रत्येक प्रवेशाला प्रेक्षकांतून कुणीतरी हळूच काहीतरी बोलायचं, आणि त्याला ते ऐकू यायचं. सिनेमा लागला त्या पहिल्या दिवशी, मध्यंतरात, त्यानं मला एकच विचारलं होतं. तो शॉट मी कधी दिला रे? मी म्हणालो, दुसऱ्या खेपेला, तुला आठवत नाही. तो म्हणाला, असेल. आणि घरी जाताना म्हणाला, निर्मात्यानं कापलं का सगळं? मी हो म्हणालो. ते तुकडे? जाळले. निर्मात्यानं खरंच ते फेकून द्यायला सांगितले होते. मी ते चार डब्यांत भरले आणि चौथ्यावर लिहिलं, पाऊस, निरुपयोगी. म्हणजे कुणी उघडणार नाही. का ठेवले ते मला तेव्हा सांगता आलं नसतं, आजही येत नाही. फेकवलं नाही, एवढंच.

दिग्दर्शकाकडे गेलो तेव्हा खोलीभर व्हिनेगरचा वास होता. जुनी रिळं आंबायला लागली की तसा येतो. संगणकावर एक तरुण मुलगी बसली होती. आवाजाची टेप दुसरीकडे सफाईला गेली होती, म्हणून चित्र मुकंच चाललं. दिग्दर्शक म्हाताराच झालाय, पण खुर्चीच्या कडेवर बसतो ते पूर्वीसारखंच. त्यानं मला पूर्ण तुकडा दाखवला, एक मिनिट चार सेकंद. माझी साडेतीन सेकंदं आली आणि गेली, आणि त्यानंतर मी कापलेलं सगळं आलं. दादाचे डोळे पुन्हा समोर येतात. चेहरा हळूहळू वितळतो, हनुवटी थरथरते, एक हात भिंतीला टेकतो. मग तो पहिली पायरी उतरतो, आणि रीळ संपून पांढरा उजेड होतो. हे मी बावीस वर्षं पाहिलं नव्हतं. साडेतीन सेकंदांच्या पलीकडे गेलं की तो फितूर राहत नव्हता. फक्त अजून दहा सेकंद थांबायला हवं होतं. दिग्दर्शकानं आता तो अख्खा तुकडा विहीर आटल्याच्या लगेच नंतर ठेवला होता. जिन्यावरून कुणीतरी बातमी घेऊन येतं, किल्लेदार ऐकण्याआधीच ओळखतो, खाली उतरतो, दार उघडतो. सगळा सिनेमा त्या एका जागेवर उलटा होत होता. आधी ती राजाची गोष्ट होती, आता तहानलेल्या माणसांची झाली होती.

"नट केवढा होता, बघ," दिग्दर्शक म्हणाला. "मी तेव्हा त्याला हे करायला सांगितलंही नव्हतं. मनानं केलंन् त्यानं." तो माझ्याकडे वळला. "आणि तू हा शॉट सोडून पळालास कसा, कात्री?"

मी म्हणालो, वेळ नव्हता. तेव्हा सांगायला हवं होतं. मी तोंड उघडलंसुद्धा. पण मग लक्षात आलं की मी सांगितलं तर हा शॉट जाईल. दिग्दर्शक सभ्य माणूस आहे, कुणाचं सुतक तो पडद्यावर ठेवणार नाही. आणि शॉट गेला की दादा पुन्हा फितूर. न सांगावं तर मी तीच वस्तू दुसऱ्यांदा चोरत होतो, या वेळी त्याच्या भल्यासाठी. दोन्ही दारं आतून लावलेली. मी खुर्चीत बसून राहिलो. मुलीनं विचारलं, सर, यांना पुसू? पडद्यावर उजव्या कोपऱ्यात मी होतो, चव्वेचाळीस की पंचेचाळीस वर्षांचा, अर्धा चेहरा, हातात काही नाही. मी म्हणालो, पुसा. आधी घड्याळ गेलं, मग कोपर, मग शर्टाची बाही. तिनं मागची भिंत जराजराशी ओढून माझ्यावर पसरली. खांदा बराच वेळ जाईना. शेवटी जिना रिकामा झाला, आणि दादा त्या रिकाम्या जिन्याकडे पाहत होता. मला सुटल्यासारखं वाटलं. चित्राच्या माणसाची चूक हीच असते, चित्रातून गेलं की गेलं असं त्याला वाटतं.

खेळाची तारीख ठरली. आठ-दहा दिवस दादा घरात गुणगुणत होता. संध्याकाळी आम्ही टीव्हीसमोर बसतो आणि पडद्यावर काय चाललंय ते कुणीतरी त्याला सांगतं, बहुतेक बायको. मी सांगतो ते त्याला आवडत नाही. "तू सांगतोस ते पाच मिनिटांत संपतं," तो म्हणतो. "ती सांगते तेव्हा खिडकीच्या पडद्यांचा रंगसुद्धा कळतो." पण या वेळी त्यानं जाहीर केलं की सिनेमा बारक्यानं सांगायचा, त्याला त्यातलं कळतं. बायको म्हणाली, बघा हं दादा, हे अर्धा कापतील. दादा म्हणाला, या वेळी कापू देणार नाही. मग जेवणाच्या टेबलावर हात शोधून त्यानं माझ्या हातावर ठेवला आणि म्हणाला, "मला काही नको रे. लोक थिएटरातून बाहेर पडताना काय बोलतात, तेवढं एकदा ऐकायचंय." त्या रात्री मी झोपलो नाही असं म्हणणार नाही. झोपलो. सकाळी उठल्यावर जबडा दुखत होता.

खेळ सकाळी दहाचा होता. आम्ही मधल्या रांगेत मधोमध बसलो, दोन्ही बाजूंनी माणसं, उठून जायचं तर बारा गुडघे ओलांडावे लागले असते. बायको दादाच्या पलीकडे. दादानं नेहमीप्रमाणे माझं मनगट धरलं, चालताना धरतो तसं. दिवे गेले. मी कुजबुजत सांगू लागलो. आता कूच आहे. घोडे. आता विहीर, दोर किती खोल जातो ते बघतायत. पुढच्या रांगेतला माणूस एकदा मागं वळला, त्याला दादाचा चेहरा दिसला आणि तो पुन्हा वळला नाही. दादाचे संवाद आले की मला बोलावंच लागत नव्हतं, तो स्वतःशी ओठ हलवत होता. पहिला नकार. दुसरा. तिसऱ्या नकाराला थिएटरात कुणीतरी "वा" म्हणालं, आणि दादाची बोटं माझ्या मनगटावर जरा घट्ट झाली. मी दोन तास अकरा मिनिटांची वाट पाहत होतो. तो शॉट केव्हा येणार ते मला सेकंदापर्यंत माहीत होतं. सांगायचं वाक्यही तयार होतं. किल्लेदार जिन्यावर उभा आहे, त्याला कळतं. एवढंच. त्यात खोटं काही नव्हतं.

विहिरीच्या तळाची ओली माती दिसली, मग बायकांचे चेहरे, मग दादा जिन्याच्या टोकाला. संगीत थांबलं. दिग्दर्शकानं इथे संगीत ठेवलेलं नव्हतं. त्यानं त्या दिवशी सेटवर उमटलेला आवाजच ठेवला होता, धुऊन, स्वच्छ करून, मोठा करून. वारा होता. आणि लाकडावर पावलं होती. एक पाऊल पडलं. दुसरं मागून घासत आलं. एक पडलं. दुसरं घासत आलं. ती पावलं चारही भिंतींमधून येत होती, खालून वर, आमच्या रांगेकडे.  बातमी चढून येते आहे असंच प्रेक्षकांना वाटत असणार, आणि ती चढूनच येत होती.

दादाची बोटं आधी सैल झाली. मग पुन्हा बसली, पण वेगळ्या जागी, घड्याळाच्या खाली, नाडीवर.

"जिन्यावर कोण आहे?" त्यानं विचारलं.

"कोणी नाही," मी म्हणालो. पडद्यावर खरंच कोणी नव्हतं. जिना रिकामा होता, मुलीनं काम फार चोख केलं होतं.

पावलं चौथ्या पायरीवर थांबली. पडद्यावर दादाचे डोळे बाजूला वळले. माझी साडेतीन सेकंदं आली, आणि मी ती मनात मोजली, चौऱ्याऐंशी, आणि ती संपली तरी चेहरा गेला नाही. शेजारी खरा दादा मान सरळ ठेवून बसला होता, त्याच्या चेहऱ्यावर पडद्याचा उजेड हलत होता. त्याला ते दिसत नव्हतं.

"मी काय करतोय?"

"बघतोयस."

"कुणाकडे?"

वाक्य तयार होतं, ते अजून तोंडात होतं. समोर हनुवटी थरथरायला लागली होती. हात भिंतीला टेकला. कुठेतरी मागं एक बाई नाक ओढत होती.

"माझ्याकडे," मी म्हणालो.

रीळ संपल्याचा पांढरा उजेड झाला, तोही दिग्दर्शकानं ठेवला होता. त्या उजेडात मला आमची रांग दिसली, बायकोचा वळलेला चेहरा, माझ्या मांडीवर आमचे दोन हात. मग अडसर सरकला. दार उघडताना कुणी काही ओरडलं नाही. मी थांबलो होतो. पडदा पुढे जात होता.

"थांबलास का?" दादा म्हणाला. आवाज अगदी नेहमीचा होता, टीव्हीसमोरचा. "पुढे सांग. काही गाळू नकोस."

मी सांगू लागलो. दार उघडं आहे. शत्रूची माणसं आत येतायत. किल्लेदार बाजूला उभा आहे, हातात किल्ल्या. त्याची बोटं माझ्या नाडीवरून हलली नाहीत. अजून एक तास दहा मिनिटं बाकी होती.